टिंचर मंडळाचा ठराव

मंडळाला नाव मी दिलं होतं. हे आधीच सांगून टाकतो, कारण रत्नागिरीजवळच्या आमच्या मिरजोळ्यात पुढे बरीच वर्षं ते मला ऐकवलं गेलं.

स्वातंत्र्य मिळून थोडी वर्षं झाली होती आणि ज्याला त्याला मराठी प्रतिशब्द हवे होते. कचेऱ्यांच्या पाट्या बदलत होत्या. मी रत्नागिरीतल्या एका हायस्कुलात मराठी आणि संस्कृत शिकवत असे, त्यामुळे असले शब्द मागायला लोक माझ्याकडे येत. एके दिवशी मधल्या सुट्टीत एक तरुण डॉक्टर आला. मुंबईला शिकून नुकताच परतलेला. खेळाडूंची दुखापत, त्यांचा श्वास, त्यांचं हृदय हा वैद्यकातला आता स्वतंत्र विषय झाला आहे, परदेशांत त्या डॉक्टरांच्या संस्था आहेत आणि आपल्या जिल्ह्यातल्या काही डॉक्टरांनीही तशी एक काढायची ठरवली आहे, असं त्याने सांगितलं. तिला चांगलं मराठी नाव हवं होतं. मी 'क्रीडावैद्यक' असा शब्द करून दिला. त्याने तो दोनदा म्हणून पाहिला आणि खूश होऊन गेला. मलाही तो शब्द दिवसभर बरा वाटला.

मंडळात पाच डॉक्टर होते. हा तरुण चिटणीस झाला. अध्यक्ष झाले ते देशावरून येऊन इथे दवाखाना थाटलेले एक वयस्कर डॉक्टर. लष्करात राहून आलेले, उंच, बुटांना आरशासारखं पॉलिश. त्यांच्या हाताला गुण होता असं लोक म्हणतात. असेल. (मी त्यांच्याविषयी 'ते', 'म्हणाले' असं लिहितो आहे ते सवयीने. त्यात आदर शोधू नये.)

उद्घाटनाला हार, भाषणं, फोटो सगळं झालं. पाचही डॉक्टरांच्या कोटांवर लाल फुलीचे बिल्ले लागले. त्यानंतर जिथे सामना असेल तिथे मैदानाच्या कडेला झावळ्यांचा मांडव पडू लागला, त्यात खुर्च्या, टेबलावर टिंचर आयोडीन, कापूस, पट्ट्या आणि गोटीचा सोडा. खेळणारी पोरं खरचटलेल्या ढोपरांवर टिंचर लावून घेत आणि ओरडत. 'क्रीडावैद्यक' हा माझा शब्द कुणाच्या तोंडात बसला नाही. गावाने आपलं नाव ठेवलं, टिंचर मंडळ.

मंडळाने पहिल्याच बैठकीत एक नियम केला. पंचांनी बोलावल्याशिवाय डॉक्टरने मांडव सोडायचा नाही. त्याला कारण होतं. सुरुवातीच्या एका सामन्यात चिटणीस घाईने आत धावत गेला आणि लोकांनी त्याची हुर्यो केली. "टिंचर आला, टिंचर आला!" अध्यक्षांना ते लागलं. डॉक्टरची प्रतिष्ठा राहिली पाहिजे, असं ते म्हणाले. माणसांना तपासण्यासाठी काढलेल्या मंडळाचा पहिला नियम डॉक्टरने कधी उठायचं नाही याचा होता.

माझा धाकटा भाऊ हुतूतू खेळायचा. लाकडाच्या वखारीत कामाला होता, शरीर कामाने कसलेलं, आणि दम इतका की 'हुतूतू'चा सूर त्याच्या तोंडून निघाला की गावातले म्हातारे आपला श्वास धरून बघत बसायचे. घरात मी पुस्तकात डोकं घालून बसणारा. तो माझ्या हातातलं पुस्तक काढून घ्यायचा, उलटं धरायचा आणि मोठ्याने 'हुतूतू' वाचायचा. "दादा, तुज्या पुस्तकात माजा एवढाच धडा हाय," म्हणायचा. आई चुलीजवळून ओरडायची, "मेल्या, त्याला वाचू दे!" आमच्याकडच्या बायका पोरांना दिवसातून कितीदा 'मेल्या' म्हणतात याला गणती नाही.

त्या वर्षी खेडचा संघ आमच्या संघाशी खेळायला रत्नागिरीला आला. थंडीचे दिवस. मैदानावर फक्कीच्या रेघा मारलेल्या होत्या, पण वर माती बोटभर आणि खाली जांभ्याचा कातळ. मी शाळेत होतो. सुटल्यावर जाणार होतो. म्हणून जे पुढे सांगतो ते आमच्या संघाच्या कप्तानाने मला सांगितलं आणि नंतर मी इतरांकडूनही ताडून घेतलं.

हुतूतूत पकडला गेलेला गडी 'बाद' झाला असं तेव्हा कुणी म्हणत नसे. तो 'मेला'. मेलेल्यांनी रेघेबाहेर ओळीने बसायचं. समोरच्यांचा एक मेला की आपल्या ओळीतला पहिला 'जिवंत' होतो आणि परत आत जातो. लहान पोरंही हे शब्द रोज शंभरदा वापरतात. त्यात कुणाला मरण दिसत नाही.

भाऊ चढाईला गेला आणि खेडच्या तिघांनी त्याला धरलं. चौघे मिळून पडले. भाऊ खाली होता, डोकं कातळावर आपटलं. पंच ओरडले, "मेला!" भाऊ आपला आपण उठला, अंगावरची माती झटकली, हसला आणि चालत येऊन ओळीत पहिला बसला. थोड्या वेळाने कप्तानही मेला आणि त्याच्या शेजारी येऊन बसला. भाऊ त्याला म्हणाला, "डोका जड झालाय रे. चक्कर येताय." कप्तानाने त्याच्याकडे पाहिलं. तोंडावरची रया गेली होती. कप्तान उठून मांडवात गेला.

मांडवात अध्यक्ष होते, चिटणीस होता, आणखी दोन-चार प्रतिष्ठित माणसं होती. कप्तान म्हणाला, "डॉक्टरसाहेब, आमचा एक मेला हाय, त्याला चक्कर येताय. जरा बघता काय?"

अध्यक्ष सोडा पीत होते. म्हणाले, "मेलेल्याला कसली रे चक्कर? आधी त्याला जिवंत करा, मग घेऊन या!"

मांडव हसला. कप्तानालाही, तो म्हणतो, क्षणभर हसू आलं. तो तिथेच उभा राहिला. अध्यक्षांनी हात हलवला. "पंचांना सांग, ते बोलावतील तर येऊ." पंच खेळात होते. कप्तान परत येऊन बसला. भावाने डोकं गुडघ्यांवर टेकलं होतं. दमला असेल, असं बाकीच्यांना वाटलं.

मग आमच्या पोरांनी खेडचा एक गडी मारला. पंच म्हणाले, "एक जिवंत!" भाऊ उठला नाही. "ऊठ रे, जिवंत झालास!" पोरं ओरडली. कुणीतरी त्याचा दंड धरून ओढला आणि तो तसाच कुशीवर कलंडला. तेव्हा ओळीतलं एक पोर किंचाळलं, "मेला रे, मेला!" आणि पलीकडच्या बाजूला बसलेल्या खेडच्या लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, आमचा आणखी एक गडी मेला.

त्या टाळ्या मी ऐकल्या. मी शाळेतून मैदानाच्या वळणापर्यंत पोचलो होतो. खेडवाल्यांची सरशी झाली, असं मनात आलं.

बाकड्यावर आडवं घालून त्याला इस्पितळात नेलं. दिवेलागणीच्या आधी तो गेला. कवटीच्या आत रक्त साचत गेलं होतं, असं इस्पितळातल्या डॉक्टरने मला समजावलं. माणूस आधी उठतो, चालतो, बोलतो आणि मग बसल्याजागी जातो. वेळेवर पाहिलं असतं तर वाचला असता का, हे मी त्याला विचारलं. तो म्हणाला, "इथे? सांगता येत नाही." हे उत्तर मी आजपर्यंत बदललेलं नाही. वाचला असता असा माझा दावा नाही. त्याला पाहायला कुणी उठलं नाही, एवढाच माझा दावा आहे.

भावाचे दिवस झाल्यावर चिटणीस शाळेत आला. या वेळी शब्द मागायला नाही. खाली बघत म्हणाला, "मास्तर, मंडळाची बैठक आहे. झालेल्या घटनेबद्दल ठराव करायचा आहे. मुंबईचे मोठे डॉक्टर आपल्या मंडळाला जोडून घेणार आहेत, त्यांच्यापुढे सगळं स्वच्छ असायला हवं. ठरावाची भाषा आपण पाहावी, अशी अध्यक्षांची इच्छा आहे."

"माझ्या भावाबद्दलच्या ठरावाची?"

"आपल्याइतकी भाषा कुणाची शुद्ध नाही, मास्तर."

मी गेलो. का गेलो याची मी पुष्कळ कारणं स्वतःला दिली आहेत. खरं कारण एवढंच की भावाविषयी ते काय लिहिणार आहेत हे मला आधी कळायला हवं होतं.

बैठक अध्यक्षांच्या दवाखान्याच्या माडीवर होती. पाच डॉक्टर, पाच कप चहा. सहावा माझ्यापुढे ठेवला, तो मी घेतला नाही. अध्यक्ष म्हणाले, "या मास्तर. आम्हा सर्वांना अत्यंत दुःख झालं आहे." आणि मग लगेच, "वाचा हो."

चिटणीसाने ठराव वाचला. सुरुवातीला दुःख होतं, तीन विशेषणांचं. मग असं होतं: 'सदर खेळाडूने आपली दुखापत कोणासही न सांगता लपविली. तसेच, "मेला" हा शब्द या खेळात पारिभाषिक अर्थाने रूढ असल्यामुळे उपस्थित डॉक्टरांचा गैरसमज होणे स्वाभाविक होते. सबब मंडळाकडे कोणताही दोष येत नाही.'

"व्याकरण ठीक आहे ना?" अध्यक्षांनी विचारलं.

"त्याने लपवलं नाही," मी म्हणालो. "त्याने कप्तानाला सांगितलं. कप्तानाने आपल्याला सांगितलं."

"कप्तान म्हणाला, मेला आहे. मेला म्हणजे काय हे मला तुम्ही शिकवणार? मी पुण्यात हुतूतू खेळलो आहे."

"चक्कर येते, असंही म्हणाला."

"मैदानात शंभर लोक शंभर गोष्टी ओरडत असतात. अहो, तुमच्या कोकणातल्या बायका पोरांना उठता बसता मेल्या म्हणतात. पोरं मरतात का?"

कुणी हसलं नाही. एका डॉक्टरने बशीत चहा ओतला. चिटणीस टाकाचं निब पुसत होता, ते पुरेसं पुसून झाल्यावरही पुसत होता. तो त्या मांडवात होता. ते वाक्य त्याने ऐकलं होतं. मी त्याच्याकडे बघत राहिलो आणि त्याने वर पाहिलं नाही.

मी भांडणारा माणूस नव्हे. मला ओरडता येत नाही. मला जे येतं ते मी केलं. म्हणालो, "आपण मला भाषेसाठी बोलावलंत, तर भाषेपुरतं सांगतो. ही दोन वाक्यं एका ठरावात राहू शकत नाहीत. त्याने कुणालाच सांगितलं नसेल तर गैरसमज कशाचा झाला? आणि गैरसमज झाला असेल तर आपल्याला कुणीतरी काहीतरी सांगितलं होतं. एक वाक्य खरं असेल तर दुसरं खोटं आहे."

मला वाटलं, पकड बसली. अध्यक्षांनी चष्मा काढला, कागद हातात घेतला, दोन्ही वाक्यं पुन्हा वाचली. मग चिटणीसाला म्हणाले, "मास्तर बरोबर सांगतायत. विसंगती आहे. दुसरं वाक्य काढून टाका."

चिटणीसाने दुसरं वाक्य खोडलं. 'मेला' गेला, गैरसमज गेला, 'उपस्थित डॉक्टर' गेले. उरलं एवढंच की माझ्या भावाने दुखापत कुणालाही न सांगता लपवली, सबब मंडळाकडे दोष येत नाही. पाच हात वर झाले. मी सभासद नव्हतो, माझ्या हाताला किंमत नव्हती. माझ्या तर्काने त्यांचा ठराव शुद्ध करून दिला होता.

"आभारी आहोत," अध्यक्ष म्हणाले. "चहा निवला तुमचा."

चिटणीस जिना उतरून माझ्यामागे आला. "मास्तर, माझं ऐका. हे मंडळ टिकायला हवं. अजून मुळं धरायची आहेत त्याला. पुढच्या मुलांच्या भल्यासाठी..."

"पुढच्या मुलांच्या आड लपू नका," मी म्हणालो. "तुम्ही ऐकलं होतंत."

तो जिन्याच्या शेवटच्या पायरीवर उभा राहिला. म्हणाला, "ते माझे वडीलधारे आहेत." आणि वर गेला. मुंबईला शिकून त्याने हृदय, श्वास आणि स्नायू यांविषयी पुष्कळ ज्ञान मिळवलं होतं, आणि त्याला माझ्या दृष्टीने काडीचीही किंमत नव्हती. आज इतक्या वर्षांनी मी हे वाक्य सौम्य करून पाहिलं. होत नाही.

घरी पडवीत कप्तान आईजवळ बसला होता. मला पाहून म्हणाला, "काय मास्तर, शुद्धलेखन झाला? बारसाही तुमीच केलात, आता बारावाही तुमीच लिवा!"

आई म्हणाली, "गप रे. काय ठरला ते सांगू दे त्याला."

मी सांगितलं. ठरावाची भाषा तिला समजावी म्हणून सोपी केली, तशी ती आणखी वाईट झाली. त्याला लागलं होतं, पण तो बोलला नाही, म्हणून गेला, असं डॉक्टर म्हणतात. आईने पदर तोंडाशी धरला नाही, रडली नाही. म्हणाली, "म्हंजे माजा पोर लबाड? सवताच्या मरणाचा चोर?"

कप्तान उठून उभा राहिला. "आये, मी सवता गेल्तो सांगायला! देवाशपथ गेल्तो!"

"तुज्यावर माजा विश्वास हाय रे. त्यांनी बोलाय पायजे."

दुसऱ्या दिवशी सकाळी ती निघाली. मिरजोळ्याचा तो सडा, कातळाचं उघडं पठार, आता तिथे कारखान्यांच्या शेड आहेत, तेव्हा नुसतं वाळलेलं गवत आणि काळा कातळ होता. ती पुढे, मी मागे. रत्नागिरीत अध्यक्षांच्या दवाखान्याच्या बाकावर जाऊन बसली. कंपाउंडरने विचारलं, "काय होतंय, आजी?" ती म्हणाली, "डॉक्टराला सांगेन." मला म्हणाली, "तू भायेर ऱ्हा. तू आलास की ते पुस्तकातला बोलतात."

आतल्या खोलीला अर्धं झुलतं दार होतं. मला सगळं ऐकू येत होतं, बाकावरच्या रोग्यांनाही.

"या बाई. काय त्रास?"

"तरास नाय. मी त्याची आय. मैदानात गेला त्याची."

टेबलावर काहीतरी ठेवल्याचा आवाज आला. मग, "मास्तरांना सगळं सांगितलं आहे, बाई. ठरावात आहे."

"मला वाचता येत नाय. तुमी सांगा. कप्तान तुमच्याकडं आल्ता, का नाय आल्ता?"

खुर्ची करकरली.

"आला होता."

"काय बोलला?"

"तुमच्या मुलाला चक्कर येते म्हणाला."

"मंग तुमी काय बोललात?"

यावर इतका वेळ गेला की कंपाउंडरने बाटली भरायची थांबवली. मग अध्यक्षांचा आवाज आला. तसा आवाज मी त्यांचा कधी ऐकला नव्हता, पण म्हणून मी त्याला काही सूट देणार नाही.

"मी थट्टा केली, बाई."

"बरा," आई म्हणाली आणि बाहेर आली. बाकावरच्या लोकांकडे वळून, जणू ते सगळे आमच्याच आळीतले, म्हणाली, "बोलला होता. माज्या पोरान लपवलान नाय." आणि पायऱ्या उतरली.

मी आत गेलो. अध्यक्ष हात धूत होते. मी म्हणालो, "आत्ता बोललात ते ठरावात लिहा."

त्यांनी हात पुसले, एकेक बोट वेगळं. "मास्तर, मी आत्ता एका आईशी बोललो. मंडळाशी बोललो नाही."

"तुम्हीच मंडळ आहात."

"ठराव पाच जणांचा असतो. झालेला आहे, मुंबईला गेला आहे." मग आवाज पुन्हा पहिल्यासारखा झाला. "तुमच्या मातोश्रींचं समाधान झालेलं दिसतं. तुमचं का होत नाही?"

"कारण मला वाचता येतं," मी म्हणालो.

त्यांनी कंपाउंडरला पुढचा रोगी पाठवायला सांगितलं. मंडळ पुढे काही वर्षं चाललं. मुंबईवाल्यांनी त्याला जोडून घेतलं, अहवाल छापला, त्यात तो ठराव आला. शुद्धलेखनाची एकही चूक नव्हती. पंचांनी बोलावल्याशिवाय उठायचं नाही, हा नियमही अहवालात होता, तसाच.

मी बाहेर आलो तेव्हा आई रस्त्याला लागली होती. मोळी घेऊन येणाऱ्या एका बाईला थांबवून ती सांगत होती, "आता डॉक्टरान सवता कबूल केलान." बाईने डोक्यावरची मोळी न उतरवता मान हलवली. पुढे एक गाडीवान भेटला, त्यालाही सांगितलं. सड्यावर चढेपर्यंत तिने भेटेल त्याला सांगितलं, ओळखीच्याला आणि बिनओळखीच्याला, आणि प्रत्येक वेळी तिची चाल थोडी मोकळी होत गेली. मी गाठलं तेव्हा तिने विचारलं, "तू आनी कशाला आत गेलास? काय बोलला?"

"काही नाही," मी म्हणालो.

"मंग चल. ऊन चढताय."

ती पुढे झाली. ठराव तसाच राहणार आहे, हे मी तिला तेव्हा सांगितलं नाही आणि नंतरही कधी सांगितलं नाही.